पिच्चरात नसलेली गाणी : ‘दिल पडोसी है’ ऐकण्याआधी

८ सप्टेंबर १९८७ रोजी आशा भोसले ५४ वर्षांच्या झाल्या आणि त्याच दिवशी ‘दिल पडोसी है’ हा त्यांचा अल्बम प्रकाशित झाला. दोन तबकड्या, चौदा गाणी. शब्द गुलजार यांचे, चाली राहुलदेव बर्मन ऊर्फ पंचम यांच्या. या तिघांनी मिळून केलेलं काम मोठं आहे, पण ते जवळपास सगळं चित्रपटांसाठी केलेलं. पडद्यावर कोण गातंय, कुठे गातंय, कशासाठी गातंय, हे कुणीही ठरवून दिलेलं नसताना तिघं निवांत एकत्र बसले आणि एक अख्खा अल्बम झाला, असं इथेच घडलं. त्याच काळातल्या ‘इजाजत’मधल्या एका गाण्यासाठी आशाबाईंना आणि गुलजारांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. त्या एका गाण्यावर आजवर पानंच्या पानं लिहिली गेली. शेजारच्या या चौदा गाण्यांच्या वाट्याला मात्र पंचमवरच्या पुस्तकांतला एखादा परिच्छेद येतो, आशाबाईंवरच्या लेखांत एखादं वाक्य.

हे पुस्तक त्या चौदा गाण्यांबद्दल आहे. ते अकोल्यात बसून लिहिलं आहे, लिहिणाऱ्याचं लहानपण अमरावतीत गेलं आहे, आणि ही गोष्ट लपवायची नाही, उलट तिचाच आधार घ्यायचा आहे. मुंबईच्या संगीतावर मुंबईतूनच लिहावं असा काही नियम नाही. या अल्बमच्या बाबतीत तर मला ठामपणे वाटतं, की वऱ्हाडात वाढलेल्या कानांना तो लवकर उमगतो. त्याची कारणं पुढे येतीलच. आधी १९८७ सालाकडे पाहू, कारण ‘पुनरागमन’ हा शब्द या अल्बमला लावायचा तर कोण कुठून परत येत होतं हे सांगायला हवं.

सर्वांत बिकट अवस्था पंचमची होती. १९६६च्या ‘तीसरी मंजिल’पासून नासिर हुसेन यांचं संगीत म्हणजे पंचम, हे समीकरण जवळजवळ वीस वर्षं टिकलं. ‘यादों की बारात’ झाला, ‘हम किसीसे कम नहीं’ झाला. ऐंशीच्या दशकाच्या मध्याला मात्र या जोडीचे चित्रपट पडू लागले, आणि १९८८चा ‘कयामत से कयामत तक’ आला तेव्हा त्यावर संगीतकार म्हणून आनंद-मिलिंद यांचं नाव होतं. बाजार असाच हलतो. बप्पी लाहिरींचं डिस्को जोरात होतं, लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांच्याकडे मोठी बॅनर्स होती, आणि ज्यानं हिंदी चित्रपटाचा आवाजच बदलून टाकला त्या माणसाकडे निर्मात्यांची वर्दळ कमी झाली होती. १९८८ मध्ये त्याला हृदयविकाराचा झटका आला. म्हणजे हा अल्बम झाला तो धंदा मंदावल्यानंतर आणि शरीर थकण्याआधी, अशा मधल्या सांदीत.

आशाबाईंची गोष्ट वेगळी. १९८१च्या ‘उमराव जान’नं त्यांच्या गाण्याला नवी प्रतिष्ठा दिली होती. १९८३ मध्ये गुलाम अली यांच्याबरोबरचा ‘मेराज-ए-गझल’ आला. नाव होतं, मान होता. चित्रपटांत मात्र पुढच्या पिढीचे आवाज येत होते, कविता कृष्णमूर्ती, अलका याज्ञिक, अनुराधा पौडवाल. शिवाय खुद्द गाणीच हलकी होत चालली होती. ऐंशीच्या मध्यातल्या हिंदी चित्रपटसंगीताची पातळी ज्यांनी ऐकली आहे त्यांना अधिक सांगायला नको. हजारो गाणी गायलेल्या बाईला त्या काळात गाण्यासारखं गाणं किती मिळत होतं, हा खरा प्रश्न होता. गुलजार त्या मानानं स्थिर होते. ते चित्रपट दिग्दर्शित करत होते, लिहीत होते. तरीही ज्या तऱ्हेची कविता त्यांना गाण्यात आणायची होती तिला चित्रपटात जागा करून घेण्यासाठी दर वेळी स्वतःच दिग्दर्शक व्हावं लागत होतं. ‘इजाजत’मधल्या त्या मुक्तछंदातल्या गाण्याचा कागद पाहून पंचम चिडले, उद्या वर्तमानपत्र आणून त्याला चाल लावायला सांगशील असं म्हणाले, हा किस्सा गुलजारांनी अनेकदा सांगितला आहे. किस्सा गमतीचा आहे. पण त्यात एक गोष्ट दडलेली आहे. कविता आधी आली, चाल मागाहून. मुंबईच्या चित्रपटधंद्यात बहुतेक वेळा उलटा क्रम चालतो, आधी चाल बांधली जाते आणि मग तिच्या मापाचे शब्द लिहून घेतले जातात.

कविता आधी आणि चाल नंतर, हा क्रम मराठी माणसाला मुळीच नवा नाही. आणि वऱ्हाडच्या माणसाला तर तो आपल्या घरातला वाटायला हवा.

१९३०च्या दशकाच्या सुरुवातीला विदर्भातल्या एका गायकानं विदर्भातल्याच एका कवीची कविता ध्वनिमुद्रित केली. गायक जी. एन. जोशी, वकिली शिकलेले, पुढे ग्रामोफोन कंपनीतच अधिकारी झालेले. कवी ना. घ. देशपांडे, आपल्या बुलडाणा जिल्ह्यातल्या मेहकरचे, तेही वकील. कविता ‘शीळ’. ती तबकडी महाराष्ट्रभर वाजली, आणि मराठी भावगीताचा आरंभ पुष्कळ जण तिथपासून मोजतात. त्या गाण्याला नाटक नव्हतं, बोलपट नव्हता, कीर्तन नव्हतं, सण नव्हता. एक कविता, एक चाल, एक आवाज, आणि ऐकणाऱ्याचं मन. ना. घं. नी मेहकर सोडलं नाही; १९८६ मध्ये त्यांच्या ‘खूणगाठी’ला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. ‘दिल पडोसी है’च्या आदल्याच वर्षी. हा निव्वळ योगायोग आहे, त्यात काही संबंध शोधायचा नाही. पण मला तो प्रिय आहे.

भावगीताची ही रीत मराठीत इतकी मुरली की ती रीत आहे हेही आपण विसरलो. गजाननराव वाटवे, सुधीर फडके, यशवंत देव, श्रीनिवास खळे, हृदयनाथ मंगेशकर. कवितेच्या पुस्तकातली कविता उचलावी, तिला चाल द्यावी, रेडिओवर किंवा तबकडीवर आणावी आणि घराघरांत ती पाठ व्हावी, हे मराठीत सहज घडत आलं. हिंदीत तसं फारसं घडलं नाही. तिथे गाणं म्हणजे चित्रपटाचं गाणं. उरलेल्यात भजन, गझल आणि कव्वाली. आधुनिक कवीची कविता, आधुनिक संगीतकाराची चाल आणि लोकप्रिय गायिका यांनी चित्रपटाशिवाय एकत्र येण्याची सवय हिंदीला नव्हती. त्यामुळे १९८७ मध्ये ‘दिल पडोसी है’ आला तेव्हा तो कुठल्या खणात ठेवावा हेच कुणाला कळेना. गझलांचा म्हणावा तर त्यात नाताळच्या रात्रीचं पाश्चात्त्य वळणाचं गाणं आहे. पॉप म्हणावा तर नाझिया हसनच्या ‘डिस्को दीवाने’नं १९८१ मध्ये ज्याला पॉप म्हणायला शिकवलं त्यातलं इथे फारसं काही नाही. तो भावगीतांचा अल्बम आहे, हिंदीतला. मराठी श्रोत्याला हे पहिल्या दोन-तीन गाण्यांतच कळतं, आणि माझ्या मते त्याला लावायचं खरं नाव तेच आहे.

आता अमरावतीकडे येतो. आशाबाईंच्या आवाजाशी अमरावतीचं नातं सुरेश भटांमुळे आहे. भटांचा जन्म १५ एप्रिल १९३२चा, अमरावतीचा. लहानपणी पोलिओनं पाय अधू झाला, घरात संगीताची आवड होती, १९५५ मध्ये बी.ए. झाले, १९६१ मध्ये ‘रूपगंधा’, १९७४ मध्ये ‘रंग माझा वेगळा’, १९८३ मध्ये ‘एल्गार’. एवढं सगळ्यांना ठाऊक आहे. मला इथे सांगायचं आहे ते भटांच्या शब्दांनी आशाबाईंच्या आवाजाकडून काय काय करून घेतलं त्याबद्दल. १९७०च्या ‘घरकुल’मध्ये सी. रामचंद्रांनी ‘मलमली तारुण्य माझे’ गाऊन घेतलं. पुढे हृदयनाथांनी ‘तरुण आहे रात्र अजुनी’, ‘चांदण्यात फिरताना’, आणि १९७९च्या ‘सिंहासन’मध्ये ‘उषःकाल होता होता’. या सगळ्यांत आशाबाई ज्या पद्धतीनं शब्द उच्चारतात ती त्यांच्या हिंदी चित्रपटगीतांतून फार क्वचित ऐकू येते. शब्दाच्या शेवटाला श्वास सोडून देणं, ओळ पूर्ण व्हायच्या आत भाव पूर्ण करणं, आणि मग उरलेली ओळ जणू आठवणीतून म्हणणं. गझल अशीच म्हणावी लागते. शेर दोन ओळींत पुरा व्हायचा असतो, दुसरी ओळ हातची राखून ठेवावी लागते.

आणि एक गोष्ट पाहा. भटांच्या या गाण्यांची नावं नुसती एकाखाली एक लिहिली तरी दिसतं, की त्यांतली बहुतेक रात्रीच्या आणि पहाटेच्या वेळा सांगणारी आहेत. अजून उरलेली रात्र, चांदणं, उषःकाल, आणि १९८९च्या ‘निवडुंग’मधली पहाट. आता ‘दिल पडोसी है’च्या गाण्यांची नावं घ्या. ‘भीनी भीनी भोर’ म्हणजे पहाट. ‘शाम से आंख में नमी सी है’ म्हणजे संध्याकाळ. ‘रात ख्रिसमस की थी’, ‘रात चुपचाप’, ‘कोई दिया जले कहीं’. इथेही प्रहरच आहेत. हे असं का होतं याचं उत्तर मला चित्रपट नसण्यातच दिसतं. चित्रपटाच्या गाण्याला प्रसंग आयता मिळतो. नायिका खिडकीशी उभी आहे, बाहेर पाऊस आहे, नायक परगावी गेला आहे, हे सगळं कॅमेरा सांगून टाकतो. ज्या गाण्याला पडदा नाही त्याला स्वतःचं ठिकाण स्वतः उभं करावं लागतं, आणि कवीजवळ त्यासाठी सर्वांत जवळची वस्तू म्हणजे वेळ. पहाट म्हटलं की प्रत्येकाची स्वतःची पहाट उभी राहते. संध्याकाळ म्हटलं की प्रत्येकाची स्वतःची संध्याकाळ. गुलजारांनी आणि भटांनी एकमेकांना विचारून हे केलेलं नाही. गाणं पिच्चरातून बाहेर काढलं की ते तिथेच जातं.

भाषेचाही एक मुद्दा आहे. १८५३ पर्यंत वऱ्हाड निजामाच्या राज्यात होता, आणि त्याच्याही आधी अचलपूर ही इमादशाहीची राजधानी होती. अकोला, बाळापूर, अचलपूर, कारंजा, अमरावती या गावांत उर्दू ही बाजूच्या आळीतून ऐकू येणारी भाषा आहे. मुशायरा ही काही परक्या गावाची चाल नाही. सुरेश भट गझलेकडे वळले त्यामागे ही हवा होती, असं मानायला जागा आहे. गुलजारांची हिंदुस्तानी आमच्याकडच्या श्रोत्याला समजावून सांगावी लागत नाही. ‘नमी’, ‘गम’, ‘उमीद’ हे शब्द त्यानं चहाच्या टपरीवर ऐकलेले असतात. मराठी भावगीताची रीत आणि उर्दू गझलेची हवा, दोन्ही एकाच गावात सापडणं, हे या अल्बमसाठी फार उपयोगाचं आहे. सुरुवातीला मी कानांबद्दल जे म्हणालो ते यासाठी.

मग एवढी अनुकूल माती असून हा अल्बम आमच्याही गावांत का रुजला नाही?

याचं उत्तर मला संगीतात सापडत नाही, बाजारात सापडतं. ऐंशीच्या दशकात अकोल्याच्या टिळक रोडच्या आसपास किंवा अमरावतीच्या राजकमल चौकाजवळ गाणी विकत घेण्याची जी पद्धत होती ती आठवा. मूळ कॅसेट घेणारे थोडे. बाकीचे सगळे कॅसेट भरून घेत. वहीच्या पानावर आपल्या आवडीच्या गाण्यांची यादी करायची, दुकानात कोरी साठ किंवा नव्वद मिनिटांची कॅसेट निवडायची, यादी आणि पैसे द्यायचे, आणि चार-आठ दिवसांनी भरलेली कॅसेट आणायची. दुकानदाराच्या टेबलावर तबकड्या, बाजूला दोन डेक. ही फार सुंदर व्यवस्था होती, तिनं गावोगावच्या लोकांना हवी ती गाणी परवडतील अशा किमतीत दिली. पण तिनं अल्बम ही वस्तू मोडीत काढली. चौदा गाण्यांतली दोन निवडायची, ती बाकीच्या वीस चित्रपटगीतांच्या मध्ये बसवायची, आणि ज्या क्रमानं ती रचली होती तो क्रम संपला. ‘दिल पडोसी है’ ओळीनं ऐकायचा अल्बम आहे. त्यातलं एखादं गाणं उचलून ‘दम मारो दम’ आणि ‘पिया तू’च्या मध्ये ठेवलं की ते मुकं होतं. माझी स्वतःची पहिली प्रत अशीच भरलेली होती. यादी लिहिताना दुकानातल्या माणसानं नाव वाचलं आणि म्हणाला, “हे नाई चालत भाऊ, पिच्चरचं सांगा.” त्याचं चुकलं असं मी म्हणणार नाही. त्याच्याकडे येणाऱ्या याद्या तो रोज पाहत होता.

रेडिओ आणि दूरदर्शनचीही तीच गत. गीतमाला चित्रपटांच्या गाण्यांची होती. ‘चित्रहार’ नावाप्रमाणेच चित्रपटांच्या दृश्यांचा. विविध भारतीवर गैरफिल्मी गाण्यांना वेगळी, छोटी जागा असे, पण सकाळपासून रात्रीपर्यंत तोंडात बसेल इतकं एखादं गाणं तिथून वाजत नसे. पडद्यावर चेहरा नाही म्हणजे चित्रहारला दाखवायला काही नाही, आणि चित्रहारला दिसलं नाही ते गाणं गावात पोचलं नाही. दहा वर्षांनी हे बदललं. एमटीव्ही आणि चॅनल व्ही आले, चित्रपटाबाहेरच्या गाण्यालाही चित्रफीत मिळू लागली, आणि १९९७ मध्ये लेस्ली लुईस यांनी केलेला ‘जानम समझा करो’ आला तेव्हा चौसष्टीतल्या आशाबाई घराघरांतल्या टीव्हीवर दिसल्या. तो अल्बम गाजला. त्याचं कौतुक झालं ते योग्यच झालं. मात्र आशाबाईंच्या पुनरागमनाची गोष्ट सांगताना लोक तिथून सुरुवात करतात, आणि तिथे मला ठेच लागते. चित्रपटाशिवाय, आपल्या वयाच्या आवाजात, आपल्या पसंतीची गाणी गाऊन उभं राहण्याचं धाडस त्यांनी दहा वर्षं आधी केलं होतं, आणि ते अधिक अवघड होतं, कारण तेव्हा त्याला बाजारच नव्हता.

आणखी एक गोष्ट काळानं केली. अल्बम आल्यानंतर बरोबर पाच आठवड्यांनी, १३ ऑक्टोबर १९८७ रोजी, किशोरकुमार गेले. तो महिनाभर रेडिओवर, वर्तमानपत्रांत, पानपट्टीवर दुसरं काहीच नव्हतं. एका नव्या अल्बमला ज्या दिवसांत पाय रोवायचे असतात तेच हे दिवस.

आता गाण्यांकडे. प्रत्येक गाण्यावर पुढे स्वतंत्र प्रकरण आहे, त्यामुळे इथे मी फक्त ऐकताना कशाकडे कान द्यावा एवढंच सांगतो.

पहिली गोष्ट म्हणजे जागा. पंचमच्या सत्तरच्या दशकातल्या संगीतात वाद्यांची दाटी असते, आणि ती दाटीच त्याची मजा आहे. इथे त्यानं जागा सोडली आहे. गाण्याची सुरुवात आवाजानं होते, वाद्यं मागाहून येतात, आणि दोन ओळींमध्ये तो घाईनं काही भरत नाही. ‘झूठे तेरे नैन’मध्ये रागदारीचा धागा आहे, ‘मांझी रे मांझी’मध्ये बंगालच्या नदीची चाल आहे. ही नदीची चाल मनाला भिडते, कारण पंचमचे वडील, सचिनदेव बर्मन, नावाड्याची गाणी गाऊनच मोठे झाले. वडिलांच्या आवाजातला नावाडी आणि बायकोच्या, म्हणजे आशाबाईंच्या, आवाजातला नावाडी, यांच्या मध्ये पंचम बसला आहे. त्यानं त्या नदीची नक्कल केलेली नाही, फक्त नाव सोडली आहे. ‘सातों बार बोले बंसी’मध्ये बासरीचा आवाज आणि माणसाचं गप्प राहणं यांची तुलना आहे, बासरी इतक्यांदा बोलली आणि ज्यानं बोलायला हवं तो एकदाही बोलला नाही, एवढ्याशा तक्रारीवर सगळं गाणं उभं आहे. चित्रपटात या तक्रारीला एवढी मिनिटं कुणी दिली नसती.

‘रिश्ते बनते हैं’ हे माझ्या मते या अल्बमचं केंद्र. नाती हळूहळू होतात, त्यांना होऊ द्यावं लागतं, असं गुलजार त्यात म्हणतात. आशाबाई ते अशा शांतपणे गातात की सल्ला दिल्यासारखं मुळीच वाटत नाही. गाणारी बाई पन्नाशी ओलांडलेली आहे, हे त्या आवाजात लपवलेलं नाही. चित्रपटात त्या सोळा वर्षांच्या मुलीसाठी गात होत्या, आणि ते त्या पुढेही लीलया करत राहिल्या. या अल्बममध्ये मात्र गाणाऱ्या बाईचं वय आणि गाण्यातल्या बाईचं वय एकच आहे. एका पार्श्वगायिकेच्या आयुष्यात असं किती वेळा घडत असेल? तिला आयुष्यभर दुसऱ्याच्या ओठांवर बसायचं असतं.

‘शाम से आंख में नमी सी है’ ही गझल बहुतेक लोक जगजितसिंग यांच्या आवाजात ओळखतात, ‘मरासिम’मधून. ती चाल मला आवडते, तिच्यात माणूस दुःखाशी समझोता करून बसला आहे. आशाबाईंच्या गाण्यात तो समझोता झालेला नाही. संध्याकाळ नुकतीच झाली आहे, रात्र अजून पुढे आहे, आणि बाईला ठाऊक आहे की ती कशी जाणार. दोन्ही ऐका, पण हे आधी ऐका. एकदा जगजितसिंग कानात बसले की इथली अस्वस्थता उगाचची वाटू लागते, आणि तो या गाण्यावर अन्याय होईल.

उरली नाताळची रात्र. ‘रात ख्रिसमस की थी’ हे गाणं वऱ्हाडातल्या श्रोत्याला सुरुवातीला परकं वाटेल अशी माझी अटकळ होती. ज्यांना ज्यांना मी ते ऐकवलं त्यांच्यापैकी बहुतेकांनी नेमकं तेच पुन्हा लावायला सांगितलं. त्यात एक रात्र आहे, दोन माणसं आहेत, आणि दोघांच्याही हातात काही उरलेलं नाही. पंचम इथे आपल्या जुन्या हुकमी मुलखात आहे, पाश्चात्त्य सुरावट, डुलणारा ठेका. आशाबाई हसत हसत कबुली दिल्यासारखं गातात. शृंगार इतका मोकळा आणि इतका सभ्य एकाच वेळी असू शकतो, हे मराठी श्रोत्याला ‘मलमली तारुण्य माझे’नं सतरा वर्षं आधी दाखवलं होतं.

अल्बममध्ये सगळंच अव्वल आहे असं मी म्हणत नाही. काही ठिकाणी ऐंशीच्या दशकातला सिंथेसायझर वाजतो आणि तो आज जुना वाटतो. ज्या गाण्यांत पंचमनं खरी वाद्यं वापरली ती टिकली, ज्यांत यंत्राला पुढे केलं ती थोडी पिकली. दोन-तीन गाणी लांबली आहेत. चौदाऐवजी दहा गाणी असती तर एकाच तबकडीत भागलं असतं आणि कदाचित जास्त घरांत पोचलं असतं. गुलजारांच्या प्रतिमा एखाद्या ठिकाणी चालीच्या अंगावर येतात, कवितेच्या पुस्तकात शोभतील पण गळ्यात अडकतील अशा. पुढच्या प्रकरणांत हे मी जागच्या जागी सांगितलं आहे. ज्या कामावर प्रेम आहे त्यातले दोष लपवले की ते प्रेम ऐकणाऱ्याला खोटं वाटू लागतं.

पंचम ४ जानेवारी १९९४ रोजी गेले. ‘१९४२ : अ लव्ह स्टोरी’ त्यानंतर प्रदर्शित झाला आणि सगळ्यांनी म्हटलं, अखेर तो परत आला होता. हे वाक्य इतक्या वेळा छापलं गेलं आहे की आता ते इतिहास म्हणून शिकवलं जातं. ‘दिल पडोसी है’ ज्यानं ऐकला आहे त्याला ते पटत नाही. निर्माते गेले होते, चाली गेल्या नव्हत्या. मधल्या सात वर्षांत त्याला काही सुचत नव्हतं असं मानण्याआधी या दोन तबकड्या वाजवून पाहाव्यात.

पुस्तकाच्या रचनेबद्दल थोडं. प्रकरणं गाण्यांच्या मूळ क्रमानं ठेवली आहेत, तबकडीच्या चार बाजूंप्रमाणे चार भाग केले आहेत. बाजू संपल्यावर उठून तबकडी उलटायला जो वेळ लागतो तेवढं थांबून पुढचा भाग वाचावा. गाण्यांचे शब्द कुठेही दिलेले नाहीत, ते ऐकूनच घ्यावेत. सुरेश भट, ना. घ. देशपांडे आणि जी. एन. जोशी यांच्यावर शेवटी एक स्वतंत्र प्रकरण आहे. ज्यांना वऱ्हाडचा धागा आधी हवा असेल त्यांनी ते आधी वाचलं तरी चालेल.

पुस्तक लिहिताना अकोला, अमरावती, मूर्तिजापूर आणि परतवाडा इथल्या कितीतरी लोकांनी आपल्या जुन्या कॅसेट काढून दिल्या. काहींची फीत ताणलेली, काहींवर पेनानं लिहिलेली नावं पुसट झालेली. बहुतेकींत या अल्बममधली एक किंवा दोन गाणी होती, पूर्ण अल्बम फार थोड्यांकडे. उन्हाळ्यात जेवणं झाल्यावर त्यांच्या गच्चीवर आम्ही ती गाणी ओळीनं लावली, पहिल्यापासून चौदाव्यापर्यंत. दिवसभर पंचेचाळीस अंश तापलेली फरशी अजून पायाला चटके देत असते अशा वेळी. त्यांतल्या अनेकांनी ‘शाम से’ पूर्वी शंभरदा ऐकलं होतं आणि त्याच्या अलीकडचं-पलीकडचं गाणं त्यांना पहिल्यांदा भेटत होतं. त्यांनी जे प्रश्न विचारले, जिथे थांबवून मागे न्यायला सांगितलं, जिथे वाद घातला, त्यातूनच पुढची प्रकरणं झाली आहेत. वाचकानंही तसंच करावं. आधी ‘भीनी भीनी भोर’ लावा, पहिलं प्रकरण त्यानंतर उघडा.